उलट घडीचं जोडपान

परत आल्यापासून सगळे एकच विचारतात, लंडन कसं आहे? लंडन मी विमानातून पाहिलं, तेही पंखामागच्या सीटवरून, अर्धंच. सतरा दिवसांत ना राणीचा वाडा पाहिला, ना ते मोठं घड्याळ. मी पाहिलं ते वॉटफर्ड, बर्मिंगहॅममधला एक कॉरिडॉर आणि लेस्टरमधली एक खिडकी. आमच्या कोल्हापुरातल्या बाइंडरीतल्या बायकांचं एवढ्यावर भागत नाही. "एवढ्या लांब जाऊन कॉरिडॉर बघून आलीस होय गं?" असं शांता सगळ्यांसमोर म्हणाली. म्हणून जे झालं ते बसून लिहून काढलं.

माझी शाळा सातवीत सुटली. त्यानंतर तीस-बत्तीस वर्षं मी छापून आलेल्या कागदांना घड्या घालते, ते फर्मे ओळीने लावते आणि शिवते. हजारो पुस्तकं हाताखालून गेली, वाचली थोडीच. लिहिण्यात काही चुकलं तर सांभाळून घ्या.

माझी मुलगी अश्विनी तिकडे पीएच.डी. करत होती. विषय कुठला, तर दोन हजार वर्षांपूर्वीच्या रोममधल्या लोकांनी लिहिलेल्या टवाळीच्या कविता. हे मी गल्लीत सांगायचं टाळत होते. लोक विचारणार, त्याचा उपयोग काय? आणि मलाच ते माहीत नव्हतं. तिची शेवटची तोंडी परीक्षा २००६च्या सप्टेंबरात ठरली तेव्हा तिने पैसे साठवून माझं तिकीट पाठवलं. फोनवर म्हणाली, "आई, तू नुसती ये. तू बाहेर बसलेली असलीस तरी पुरे." ती नववीत असताना तिचे वडील गेले, तेव्हापासून प्रत्येक परीक्षेला मी अशीच बाहेर बसत आले आहे.

वॉटफर्ड

अशू वॉटफर्डला एका गुजराती बाईंच्या घरी माडीवर राहायची. हंसाबेन मूळच्या नैरोबीच्या. त्यांना मराठी येत नव्हतं, मला गुजराती येत नव्हतं, तेव्हा आम्ही दोघी आपापलं मोडकं हिंदी घेऊन स्वयंपाकघरात भेटायचो. पहिल्याच दिवशी त्या म्हणाल्या, "बेन, आपकी लडकी खाती नहीं है, सिर्फ पढती है." आईला हे ऐकवायची काही गरज नव्हती. फ्रिज उघडल्यावर मला ते दिसलंच होतं.

अशू दुपारी शाळेत तासावर शिकवायला जायची, तेव्हा मी गावातल्या लायब्ररीत जाऊन बसायचे. तिथे कुणी हटकत नाही, आत ऊब असते आणि खुर्च्यांना गाद्या असतात. मी पुस्तकं काढायचे आणि उलटी करून त्यांची शिवण बघायचे. बहुतेक सगळी नुसती डिंकावर चिकटवलेली. इंग्लंडकडून मला ही अपेक्षा नव्हती. काउंटरवरच्या बाई दोन दिवस माझ्याकडे बघत होत्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी आतून एक जुनं जाडजूड पुस्तक आणून माझ्यापुढे ठेवलं. ते शिवलेलं होतं, आणि काय शिवलेलं होतं! मला इंग्रजीत काही बोलता येईना. मी पुस्तकावरून हात फिरवला, त्या हसल्या. ती बाई मला अजून आठवते.

सामानातून मी दोन शाली आणि पेढ्यांचे दोन डबे नेले होते. आपल्याकडे तोंडी परीक्षा हॉलमध्ये होते, नातेवाईक मागच्या खुर्च्यांवर बसतात, झाल्यावर परीक्षकांना जेवायला घालतात आणि शाल देतात. आमच्या मालकांच्या भाच्याची मी स्वतः पाहिली होती. अशूने डबे पाहिले आणि कपाळाला हात लावला.

"आई, इथे याला लाच म्हणतात."

"पेढ्यांना?"

"पेढ्यांना. आणि शालीला तर नक्कीच."

"मग परीक्षक जेवतात कुठे?"

"घरून सँडविच आणत असतील. मला माहीत नाही. आणि हॉलबिल काही नसतं. दोन परीक्षक, मी आणि बंद दार."

बंद दार म्हटल्यावर माझी झोप गेली. पेढे हंसाबेनच्या नातवंडांनी संपवले.

अशूची झोप माझ्याआधीच गेलेली होती, आणि त्याचं कारण मला मंगळवारी कळलं. लेस्टरच्या एका कॉलेजात तिला वर्षभर शिकवायचं काम मिळत होतं. पण परीक्षा पास झाल्याचं पत्र दिलं तरच. त्या कामावर पुढचा व्हिसा. परीक्षकांनी 'पुन्हा लिहून आणा' म्हटलं तर ऑक्टोबरच्या शेवटी व्हिसा संपत होता आणि सामान बांधून परत. वर बाहेरून येणारे परीक्षक होते एक म्हातारे सर. अशूने जे लिहिलं होतं, त्याच्या बरोब्बर उलट त्यांनी सगळं आयुष्य लिहिलेलं.

"मग त्यांनाच कशाला बोलावलं?" मी म्हटलं.

"कारण या कवितांमधलं त्यांच्याइतकं कुणालाच कळत नाही."

त्या संध्याकाळी मी फ्रिजमध्ये उरलेल्या सगळ्याची एक भाजी केली होती. अर्धं गाजर, दोन वांगी, घेवडा, एक बटाटा, वरून तीळ. अशूने पहिला घास घेतला आणि चार दिवसांत पहिल्यांदा हसली. "भोगीची भाजी! आई, माझा विषयच तू ताटात वाढलास." मग तिने सांगितलं, की रोममधले लोक नव्या पिकातलं थोडं थोडं सगळं एका थाळीत भरून देवाला द्यायचे. त्या भरल्या थाळीवरूनच या कवितांना नाव पडलं, असं जुने लोक सांगतात. म्हणजे कवितेत पण सगळं एकत्र. भाड्याची खोली, रस्त्यावरचा गोंगाट, श्रीमंताच्या पंगतीत गरिबाला वाढलेलं शिळं, खोटी स्तुती करणारे लोक, आणि या सगळ्यांवर तिचा कवी नुसता चिडलेला. आणि वृत्त मात्र मोठमोठ्या लढायांच्या काव्याचं.

"म्हणजे पोवाड्याच्या चालीवर घरमालकाचं गाऱ्हाणं," मी म्हटलं.

"हेच मला लिहायला दोन पानं लागली."

"आणि एवढा चिडायचा तो कवी? घरी बायको नव्हती का?"

"आता अभ्यासक म्हणतात, चिडणारा माणूस म्हणजे कवी नव्हेच. कवीने रंगवलेलं ते एक सोंग आहे."

"मग शिव्या कोण खातं?"

अशूने हातातला घास परत ताटात ठेवला. म्हणाली, "हा प्रश्न परीक्षेत आला नाही म्हणजे मिळवली." तिच्या कवीला एका विषयावरून एकदम दुसऱ्या विषयावर उडी मारायची खोड होती. अशूचं खरं काम अशाच एका उडीवर होतं. पण ते सांगायला लागली आणि मध्येच थांबली. "ते किचकट आहे, आई. झाल्यावर सांगते." तिने तेव्हाच सांगितलं असतं तर पुढचं काही घडलं नसतं.

गाडीत

परीक्षा बर्मिंगहॅमच्या विद्यापीठात होती, म्हणून गुरुवारी सकाळी आम्ही तिकडची गाडी पकडली. समोरासमोर बसायच्या जागा, मध्ये टेबल. टेबलावर अशूची प्रत होती. परीक्षेला आपली स्वतःची प्रत आत नेता येते. तिची सुटी पानं एका जाड फाइलमध्ये लोखंडी कड्यांत अडकवलेली होती, कडेला रंगीत चिठ्ठ्या. बाहेर मेंढ्या, हिरवी रानं, कालव्यावर लांबट बोटी. आपल्याकडे एवढं हिरवं फक्त श्रावणात दिसतं. अशू खिडकीकडे बघत होती, पण तिला काही दिसत नव्हतं. तिचे ओठ हलत होते.

"चहा आणते," म्हणून ती उठली. चहा दोन डबे पलीकडे मिळायचा.

ती गेली आणि गाडीने वळण घेतलं. फाइल घसरली, कड्या उघडल्या, आणि तीनशे पानं डब्यात पसरली. समोरचा सुटातला माणूस "सॉरी, सॉरी" म्हणत खाली वाकला. चूक माझी, सॉरी त्याचं. त्या देशात हे मी बऱ्याचदा पाहिलं. आम्ही दोघांनी मिळून सगळं गोळा केलं.

पानं लावणं हे काही माझ्यासाठी काम नव्हे. आकडे बघत हात आपोआप चालला आणि पाच मिनिटांत गठ्ठा उभा राहिला. पण शेवटी आठ कागद उरले. ते जुन्या हस्तलिखिताचे फोटो होते, पाठपोट छापलेले, त्यांच्यावर आकडाच नव्हता. लॅटिन अक्षरं, तीही हाताने लिहिलेली. मी ते टेबलावर पसरले. दुसरं काय करणार?

तेव्हा मला डाग दिसला. प्रत्येक कागदाच्या खालच्या कोपऱ्यात पाणी लागल्याचा करडा डाग. एकावर तळहाताएवढा, दुसऱ्यावर जरा लहान, करत करत एकावर रुपयाएवढा. पावसाळ्यात बाइंडरीच्या पत्र्यातून गठ्ठ्यावर पाणी गळलं की अस्संच होतं. वरचा कागद जास्त भिजतो, खालचा कमी. विस्कटलेला गठ्ठा अशा डागावरून मी कितीदा परत लावलाय. मोठ्या डागापासून लहान डागापर्यंत आठही कागद लावले, कड्यांत अडकवले, फाइल मिटली. मनातून जरा खूशच होते, खोटं कशाला सांगू?

अशू चहा घेऊन आली. एका पेल्यातला अर्धा चहा सांडलेला. पानं पडली होती हे तिला सांगायचं माझ्या अगदी ओठांवर आलं. पण तिचा चेहरा बघितला आणि गिळलं. म्हटलं, नीट लागलीत ना सगळी, मग आता तिचा जीव कशाला खालीवर करायचा?

बर्मिंगहॅम

न्यू स्ट्रीटला उतरून एक लोकल घ्यायची. तिकडच्या स्टेशनचं नावच युनिव्हर्सिटी. कॉरिडॉरमध्ये दोघीजणी आमची वाट बघत होत्या. मंगलाताई आणि त्यांची मुलगी करुणा. मंगलाताई मूळच्या नागपूरच्या, नर्स म्हणून इथे आल्या आणि इथेच निवृत्त झाल्या. करुणाचा जन्म इथलाच, ती हॉस्पिटलात औषधं द्यायचं काम करते. अशू पहिल्या वर्षी आली तेव्हा या दोघी तिला बुद्धविहारात भेटल्या आणि त्यांनी तिला सहा महिने आपल्या घरी ठेवून घेतलं. मी मंगलाताईंच्या पायाला हात लावायला वाकले, तर त्यांनी मला वरच्या वर धरलं. "जय भीम, ताई. पायाबियाचं काही नको. तुमची पोरगी आमची पण आहे."

बरोबर दोन वाजता दार उघडलं. आत पांढऱ्या जाड भुवयांचे एक उंच सर आणि एक चष्मेवाल्या बाई दिसल्या. अशू फाइल छातीशी धरून आत गेली. दार बंद झालं.

मंगलाताईंनी डब्यातून इडल्या काढल्या. मी एक नुसती हातात धरून बसले. बोलायचं म्हणून मी करुणाला विचारलं, "तुला माहितीये का गं, अशूने नक्की लिहिलंय काय?"

"हो तर! शी टोल्ड मी लाइक हंड्रेड टाइम्स," करुणा म्हणाली. तिचं मराठी गोड आहे, पण धावत असतं. "बघा मावशी, एक जुना बुक आहे, हाताने लिहिलेला. त्याच्यात मधला जोडपान, मीन्स एका शीटचे दोन पान, कोणीतरी उलटा फोल्ड केला. बाइंडिंग करताना. म्हणून पाच नंबरचा पान आधी आला आणि चार नंबरचा नंतर. ओके? मग त्या बुकवरून सगळ्यांनी कॉपी केलं, तसंच, राँग. आणि सगळे प्रोफेसर म्हणतात, वाव, कवी कशी उडी मारतो! अशू म्हणते, उडीबिडी नाही, बाइंडरचा मिस्टेक आहे."

"अगं बाई," मी म्हटलं. मला ऐकून बरंच वाटलं. हे तर माझ्या ओळखीतलं निघालं.

"आणि तिने त्या पानांचे फोटो मागे लावलेत. मुद्दाम तसेच चुकीचे, बुकमध्ये आहेत तसे. सरांना दाखवायला. दॅट्स हर प्रूफ."

माझ्या हातातली इडली खाली पडली.

"काय झालं, ताई?" मंगलाताई म्हणाल्या.

मी सांगितलं. गाडी, वळण, आठ कागद, डाग. मुलीने चार वर्षं घासून जी चूक जपून लावली होती, ती मी पाच मिनिटांत दुरुस्त करून ठेवली होती. आणि तिला सांगितलंही नव्हतं. मी उठून दाराकडे निघाले. करुणाने माझा हात धरला. "नो, नो, मावशी! नाही जाऊ शकत. अलाउड नाही आहे."

"मी नुसतं सांगते आणि बाहेर येते. दोन पानं इकडची तिकडे करायची, बाकी काही नाही."

"बसा," मंगलाताई वॉर्डातल्या आवाजात म्हणाल्या, आणि मी बसले. "चाळीस वर्षं हॉस्पिटलात काढली मी. ऑपरेशन चालू असताना आत घुसणाऱ्या आया लय पाहिल्या. त्यानं पेशंट वाचत नाही. तुमची पोरगी हुशार आहे. तिचं ती बघून घेईल."

त्या दीड तासाचं काय लिहू? भिंतीवर जुन्या प्रोफेसरांचे फोटो होते, ते सगळे माझ्याकडे बघत होते. मी मनात सामान बांधून पाहिलं, अशूची पुस्तकं कोल्हापूरच्या खोलीत कुठे मावतील ते पाहिलं. आतून एकदा सरांचा मोठा आवाज आला. मग काहीच नाही. आवाजापेक्षा ते काहीच नाही वाईट होतं. मंगलाताईंनी माझ्या पाठीवर हात ठेवला, तो शेवटपर्यंत काढला नाही.

दार उघडलं आणि अशू एकटीच बाहेर आली. निकाल ठरवताना विद्यार्थ्याला बाहेर बसवतात. तिचा चेहरा पांढरा पडला होता.

"आई. शेवटची आठ पानं तू लावलीस?"

"हो."

"कधी?"

"तू चहाला गेलीस तेव्हा. पडली होती गं. मला माहीत नव्हतं, ती चुकीचीच हवी होती."

ती माझ्या शेजारी बसली आणि तिने माझा हात घट्ट दाबला. आत काय झालं ते तिने भराभर सांगितलं. सरांनी पहिल्यापासून एकच धरून ठेवलं होतं. तुला कविता नीटनेटकी हवी म्हणून तू पानं फिरवतेस, कवीला ती तशी हवी होती याला पुरावा काय? अर्थ जुळतो, असं ती म्हणाली. सर म्हणाले, अर्थ तर हुशार माणूस कशातूनही काढतो. कुठे बिघडलंय ते फोटोत दाखव. तिने फाइल उघडली आणि पानं बरोबर लागलेली.

"मग?"

"मी पानं पुन्हा चाळली. मी म्हटलं, माझ्या प्रतीत कुणीतरी पानं बदलली आहेत. सर म्हणाले, अभिनंदन, म्हणजे निदान एका माणसाला तरी तुझं पटलेलं दिसतं." अशूला हसू येत होतं की रडू, कळत नव्हतं. "मी म्हटलं, ही माझी आई असणार. ती बाइंडरीत काम करते. त्यांनी विचारलं, लॅटिन येतं का त्यांना? मी म्हटलं, शाळा बाराव्या वर्षी सुटली तिची. तर त्यांनी पेन खाली ठेवलं, आई. म्हणाले, मग त्यांनी लावली कशावरून? मला सांगता येईना. कशावरून लावलीस?"

"डागावरून."

"कुठला डाग?"

मी बोलणार तेवढ्यात चष्मेवाल्या बाईंनी तिला आत बोलावलं. मिनिटभराने तीच बाई पुन्हा बाहेर आली आणि मला म्हणाली, "वुड यू जॉइन अस, प्लीज?" करुणाने मला पाठीमागून ढकललं.

आत गेले तर सर उभे राहिले. माझ्यासाठी. त्यांनी खुर्ची ओढून दिली. अशू म्हणाली, "आई, मी पास झाले. थोडी करेक्शन्स आहेत." करेक्शन्स म्हटल्यावर मी आधी सरांकडे बघितलं, कारण आमच्याकडे करेक्शन निघालं की कुणीतरी बोलणी खातं. "तसं नाही," ती म्हणाली, "ती सगळ्यांनाच असतात. पास म्हणजे पास." मग मी खुर्चीवर बसले.

सरांनी आपली प्रत पुढे सरकवली. तिच्यातले आठ कागद त्या जुन्या पोथीसारखेच, चुकीच्या ओळीत होते. मी एकेक कोपरा दाखवत गेले. मोठा डाग, लहान, त्याहून लहान, मग एकदम बारीक, मग पुन्हा जरा मोठा, मग पुन्हा बारीक. मी मराठीत बोलत होते, अशू इंग्रजीत सांगत होती. पाणी गळलं तेव्हा पानं सरळ होती. त्यानंतर कुणीतरी पोथी उसवून पुन्हा शिवली आणि तेव्हा मधलं जोडपान उलट घडीने बसवलं. आमच्याकडे नव्या बायका महिन्यातून एकदा करतात ही चूक.

सरांनी चष्मा काढून कागद डोळ्यांजवळ नेला. मग बोलले, ते अशूने मला सांगितलं. "ही पोथी मी हातात घेतली आहे. कितीतरी वेळा. अक्षरंच वाचत राहिलो. कोपऱ्यातल्या घाणीकडे बघितलं नाही." मग त्यांनी भुवई वर केली. "कवी उड्या मारतो, हे मी सोडणार नाही. पण ही उडी त्याची नाही. बाइंडरची आहे."

मला त्या बाइंडरचं वाईट वाटलं. कोण जाणे कुठल्या थंडीत बसून, कुणाच्या घाईसाठी शिवत असेल. त्याच्या एका घडीमुळे इतकी वर्षं एवढी शिकलेली माणसं चकली. मला इंग्रजीत जे येत होतं तेच मी म्हटलं, "सॉरी." आणि अशूला म्हटलं, "त्यांना सांग, आमच्या धंद्यातल्या माणसाकडून झालंय, म्हणून म्हणतेय."

अशूने सांगितलं. सर इतके मोठ्याने हसले की बाहेर करुणा दचकली. म्हणाले, "सॉरी कशाला, मॅडम? त्याच्यामुळेच आमची सगळ्यांची पोटं भरली."

करेक्शन्सच्या यादीत एक ओळ वाढली. डागाबद्दल एक तळटीप घालावी आणि तो कुणी पाहिला त्यांचं नाव द्यावं. चष्मेवाल्या बाईंनी मला नाव विचारून घेतलं आणि दोनदा म्हणून बघितलं.

त्या संध्याकाळी मंगलाताईंच्या घरी मी सावजी रस्सा खाल्ला आणि माझ्या डोळ्यांतून पाणी आलं. सगळ्यांनी समजून घेतलं की ते तिखटामुळे आलं.

लेस्टर

दुसऱ्या दिवशी विभागाने दिलेलं दोन ओळींचं पत्र घेऊन आम्ही लेस्टरला गेलो. कॉलेजच्या ऑफिसातल्या बाईंनी ते वाचलं, "लव्हली" म्हणाल्या आणि फोटोकॉपी काढून परत दिलं. बस्स, एवढंच. ज्या कागदासाठी आम्ही मायलेकी आठवडाभर झोपलो नव्हतो, तो अर्ध्या मिनिटात यंत्रातून निघून एका खणात गेला. मला वाटलं, निदान त्या बाईंनी तरी शाल घ्यावी. पण शाली वॉटफर्डला होत्या.

मग बेलग्रेव्ह रोडवर गरम जिलेबी आणि फाफडा. रस्त्यावर साड्यांची दुकानं, दागिन्यांची दुकानं, माझ्या वयाच्या बायका कोट चढवून पिशव्या घेऊन निघालेल्या. कुणी वळून बघत नव्हतं. चार दिवसांत पहिल्यांदा मी पोटभर खाल्लं, आणि अशूने माझ्याहून दोन जिलेब्या जास्त खाल्ल्या. त्या मी मोजल्या.

जवळच्या गल्लीत तिने एक खोली बघून ठेवली होती, वरच्या मजल्यावर. जिना अरुंद, खाली वाहनांचा आवाज. "माझ्या कवीने या खोलीवर शंभर ओळी लिहिल्या असत्या," अशू म्हणाली. मी नळ सोडून पाहिला, भिंतीला हात लावून ओल बघितली. खोली कोरडी होती. एकच खिडकी, पण मोठी, आणि तिला पडदा नव्हता.

मी वीत लावायला सुरुवात केली.

"आई, एक वर्षाचं काम आहे. पडदे कशाला?"

मी मोजत राहिले. विमानात बसल्यापासून मी अंबाबाईकडे एकच मागत होते, की माझ्या मुलीला घरी पाठवू नकोस. कुठल्या आईने असं मागितलं असेल? ते मागणं पुरं झालं होतं, त्या खिडकीपाशी ते मला नीट कळलं. छातीवरचा दगड उतरला होता, आणि त्या जागी दुसरं काहीतरी येऊन बसलं होतं, ते दगडाइतकं जड नव्हतं. रुंदी साडेचार वीत. उंची सात वीत आणि चार बोटं.

"लिहून घे," मी म्हटलं. "माझ्या लक्षात राहणार नाही."

तिने लिहून घेतलं. मग माझ्याजवळ आली आणि माझ्या हाताशेजारी आपली वीत लावून बघितली. तिची माझ्याहून बोटभर मोठी निघाली. "आई, तुझ्या विती," ती म्हणाली, "माझ्या नाही. तसंच लिहिते."

परवा इथे महाद्वार रोडवरून पडद्याचं कापड आणलं. दुकानदाराने विचारलं, किती दिवस वापरायचंय? त्याने दाखवलेल्यातलं सगळ्यांत जाड मी घेतलं. कडेला दुहेरी शिवण घातली आहे.